हाकेला ओ
मनीषनगरच्या शाळेत भूमिती शिकवणाऱ्या धनश्रीला स्किझोफ्रेनिया झाला आणि कुकर लावतानाही पाणी घातलं की नाही हे आठवेनासं झालं. नोकरी सुटली. घरात नसलेली माणसं हाका मारू लागली. डॉक्टरांनी युक्ती सांगितली, हाक आली की फोनवर रेकॉर्ड करायची; खरी असेल तरच उमटेल. त्या दुपारी न्हाणीघरातून वडिलांचा आवाज आला, "धने, पडलो मी. मले उठव वं." पण वडील बाजारात गेले होते. की परत आले होते? काही केल्या आठवेना. रेकॉर्ड करून तिनं फोन कानाशी धरला. "मले उठव वं." ती धावली. "कधीपासून आवाज देऊन राहिलो," म्हणता म्हणता वडिलांची शुद्ध हरपली. अँब्युलन्समध्ये त्यांचे ओठ मिटलेले होते, तरी हाक सुरूच होती. धनश्रीनं त्यांचा हात धरून सगळ्यांदेखत ओ दिली.