दोन झाकणं

यंत्र किंचाळलं तेव्हा तपासनिसाला आधी वाटलं, बिघडलंय.

"पुन्हा फुंका."

बसच्या ड्रायव्हरनं पुन्हा फुंकलं. यंत्र पुन्हा किंचाळलं, या खेपेला जरा उत्साहानं.

डेपोच्या फाटकालगत तपासनिसाची खोली होती. गाडी बाहेर काढण्याआधी प्रत्येक ड्रायव्हरनं तिथल्या यंत्रात फुंकायचं, असा नियम. नऊ वर्षांत या ड्रायव्हरच्या नावापुढे शून्याखेरीज काही उमटलं नव्हतं. तो थेंबभरही पीत नसे, म्हणून डेपोत त्याला बुवा म्हणत. आदरानं नव्हे.

बाहेर बाकावर हेडमिस्त्री आणि त्याचे दोन फिटर बसले होते. मिस्त्रीला कालच बढती मिळाली होती आणि आज दुपारी त्यानं सगळ्यांना जेवण दिलं होतं.

"साहेब, बुवांचा उपास सुटला वाटतं!" मिस्त्री ओरडला. फिटर मांड्यांवर थापा मारून हसले. बढती मिळालेल्या माणसाच्या विनोदाला हसावंच लागतं.

"काय घेतलंत?" तपासनिसानं विचारलं.

"सरबत. दोन पेले. कडू लागलं, तर हा मिस्त्री म्हणाला, लिंबाच्या बिया चिरडल्या गेल्यात."

"आणि तुम्ही प्यालात?"

"यजमानाचं मन कशाला मोडा?"

तपासनिसानं फॉर्म पुढे ओढला. "बुवा, या खोलीत रोज कुणीतरी सांगतं की दुसऱ्यानं घातली. स्वतःच्या हातानं दारू प्यालेला माणूस मला अजून भेटायचाय. परवाना आजच जमा होईल. नोकरीचं काय ते वरचे बघतील. बहुधा बघणार नाहीत, सरळ काढतील."

ड्रायव्हरचे कान लाल झाले.

मिस्त्री उठून दारात आला. "अहो साहेब, जाऊ द्या ना! दोन झाकणं घातली, गंमत म्हणून. त्यानं काय होतंय? आम्ही प्रत्येकाला एकदा घालतोच. मागच्या साली त्या कारकुनाला घातली. टेबलावर चढून आईच्या नावानं रडला हो! हसून हसून पोट दुखलं."

"छान," तपासनीस म्हणाला आणि त्यानं पेन पुढे केलं. "लिहून द्या. बुवा सुटले."

मिस्त्रीनं पेनाकडे असं पाहिलं, जणू ते चावेल. "गंमत कुणी लिहून देतं का?"

"म्हणजे नाही घातली?"

"मी कुठं म्हटलं मी घातली? ऐकीव बोललो आपलं."

दोन्ही फिटरांना आपापल्या बुटांच्या नाड्यांत एकाएकी बरंच काम दिसलं.

"नऊ वर्षं," ड्रायव्हर म्हणाला, "तू लावलेला ब्रेक भरवशावर दाबला मी. एकदाही खाली वाकून बघितलं नाही. तू बिया म्हणालास, मी बिया म्हटलं."

"आता रडतोस काय बायकांसारखा? दोन झाकणांत कुणी मरत नाही."

"नाही ना? बरं." ड्रायव्हरनं यंत्राची नळी टेबलावर ठेवली. "साहेब, यानं घातली नाही आणि मी तर पीत नाही. म्हणजे यंत्रच बिघडलंय. गाडी काढतो."

तो सरळ चालत गेला, बसमध्ये चढला आणि त्यानं इंजीन सुरू केलं. आत चाळीस माणसं होती, पुढे अकरा वळणांचा घाट होता. फाटकाला कुलूप होतं आणि किल्ली तपासनिसाच्या खिशात होती. त्यानं ती बाहेर काढली नाही. चष्मा तेवढा काढला आणि पुसत बसला.

"असेलही बिघडलेलं," तो म्हणाला. "जुनंच आहे."

"साहेब, अडवा त्याला!"

"का?"

"अहो, घाट आहे!"

"घाट कालही होता."

मिस्त्री पळत सुटला. बसमध्ये शिरून त्यानं तिसऱ्या बाकावरची पिशवी खेचली आणि पाठोपाठ बायकोला. ती बहिणीकडे निघाली होती.

"अहो, हात सोडा! झालंय काय?"

"पुढच्या गाडीनं जा."

"आधीच्या दोन सोडल्या मी. बुवाभाऊजींची गाडी म्हणून थांबले!"

"सांगितलं ना, उतर!"

ती उतरली. नवऱ्याच्या हातातल्या पिशवीकडे तिनं पाहिलं, मग वर ड्रायव्हरकडे. त्यानं इंजीन बंद केलं होतं आणि दोन्ही हात मांडीवर ठेवून तो समोर बघत होता.

"काय पाजलंत त्यांना?" तिनं विचारलं.

"गप घरी चल."

"माझ्या भावालाही असंच पाजलंत ना, आपल्याच लग्नात? असंच हसत? आजतागायत त्यानं आपला उंबरा ओलांडलेला नाही."

"चारचौघांत तोंड चालवू नकोस!"

चारचौघे खिडक्यांतून माना काढून ऐकत होते. तिनं पिशवी त्याच्या हातातून हिसकून घेतली आणि ती तपासनिसाच्या खोलीत आली. विचारलं नाही, सवरलं नाही. ड्रायव्हरनं फुंकताना मागे सारलेल्या खुर्चीवर बसली.

"साक्ष लिहायचा कागद कुठला?"

"बाई," तपासनिसानं चष्मा चढवला, "घालताना तुम्ही पाहिलंत का?"

"नाही."

"मग लिहिणार काय?"

तिनं पेन उचललं.

"चाळीस माणसांतून यांनी मला एकटीला खाली उतरवलं. तेवढं लिहिते."