मधुचा प्रवेश

“ताई, बेल्ट दिलाच न्हवता, ह्ये आदी सांगा त्यास्नी,” हरिदास म्हणाला.

पूर्णिमाताईंनी मान डोलावली आणि समोरच्या दोघा इंग्रजांशी इंग्रजीत बोलायला सुरुवात केली. त्यातल्या बाईने वही उघडली. नाइजेल नावाचा उंच बाप्या पुढे झुकून ऐकू लागला.

शुक्रवारची दुपार होती. कतारमधल्या बिरकत अल अवामेरच्या कामगार कॅम्पात, जेवणाच्या हॉलच्या कोपऱ्यात ही बैठक चालली होती. फुटबॉलच्या वर्ल्डकपला अजून तीन वर्षं होती. नाइजेलची चौघांची मंडळी विलायतेत नावाजलेली. रंगमंचावर छोटे छोटे विनोदी प्रवेश करायची, त्यांचे दोन सिनेमेही निघाले होते. त्यांची एक रीत होती. ज्या गावी खेळ असेल तिथल्या माणसांकडून एक खरी घडलेली गोष्ट घ्यायची आणि तिचा नवा प्रवेश बसवायचा.

हरिदासच्या खोलीतल्या शफीकने मोबाइलवर त्यांचं काम दाखवलं होतं. एक मंत्री खोटं बोलता बोलता खुर्चीसकट जमिनीत जातो. भाषा कळली नाही तरी हरिदास पोट धरून हसला होता. बड्या लोकांचं पितळ उघडं पाडणारी माणसं ही! म्हणून गोष्टी सांगायला कोण येतंय असं त्याच्या बांधकाम कंपनीने विचारलं, तेव्हा त्याने सगळ्यांच्या आधी हात वर केला.

दुभाषी म्हणून कंपनीने पूर्णिमाताईंना बोलावलं होतं. त्या नाशिकच्या. नवरा कंपनीच्या सेफ्टी खात्यात. आपलं माणूस मिळालं, शिवाय उंचावर चढताना बांधायचा बेल्ट म्हणजे काय हे यांना समजावायला नको, म्हणून हरिदास निर्धास्त होता.

गोष्ट मधुची होती. मधु त्याच्याच गावचा, आटपाडीकडचा. दोघं एका बाकावर शिकले आणि एकाच विमानाने कतारला आले. दहा महिन्यांपूर्वी स्टेडियमच्या छपराखाली परांची बांधायची होती. रहमान फोरमन म्हणाला, “यल्ला, यल्ला, चला! बेल्ट येतोय, तोवर चढा.” मधु चढला. बेल्ट आले तेव्हा तो खाली पाइपांच्या चळतीवर पडला होता, आणि त्याच्यात काही उरलं नव्हतं.

कंपनीच्या कागदावर आलं की कामगाराने बेल्ट स्वतःच सोडला. कागद गावी पोचला. मधु प्यायलेला होता, ही भर गावाने आपल्या पदरची घातली. मधुच्या बापाने, आबासाहेबांनी, शरमेने पोराचा फोटो भिंतीवर लावू दिला नाही. मधु गेला त्याहून हे वाईट, असं हरिदासला वाटायचं आणि असं वाटल्याची लाजही वाटायची.

तो दहा मिनिटं बोलला. ताईंनी ते दोन मिनिटांत सांगितलं. इंग्रजी आटोपशीर भाषा असावी.

मध्येच नाइजेल खो खो हसला.

“हसतोय का ह्यो?”

“अवघडले की हसतात हे लोक,” ताई म्हणाल्या. “मनावर घेऊ नका.”

मग नाइजेल उठला. त्याने हरिदासचा खांदा चाचपला, पाठीवर थापट्या मारल्या, गुडघाही दाबून पाहिला.

“तुमच्या हिमतीचं कौतुक करतायत,” ताईंनी सांगितलं.

वहीवाल्या बाईने हरिदासकडे बोट करून काहीतरी विचारलं. ताईंनी हरिदासला न विचारताच उत्तर दिलं. त्यातलं ‘मधु’ तेवढं त्याला ऐकू आलं. बाईने ते ठळक लिहून घेतलं. निघताना नाइजेलने त्याचा हात दोन्ही हातांत धरला आणि म्हणाला, “मधु, मधु.” हरिदासला रडूच फुटलं. कंपनीतल्या एकाही साहेबाने ते नाव इतक्या मायेने घेतलं नव्हतं.

पुढच्या शुक्रवारी संध्याकाळी दोह्यातल्या एका हॉटेलात खेळ होता. कॅम्पातून फक्त हरिदासला बोलावलं होतं, तेही गाडी पाठवून. निघण्याआधी त्याने गावी फोन लावला.

“आबा, आज समद्या सायबांम्होरं खरं बाहेर येतंय बगा.”

म्हातारा म्हणाला, “मग पेटीतनं फोटू काडून ठिवू का?”

“ठिवा आबा. भित्तीवरच लावा.”

हॉलमध्ये तिसऱ्या रांगेत ताईंनी त्याला शेजारी बसवून घेतलं. नवा प्रवेश सगळ्यात शेवटी होता. रंगमंचावर परांची उभी, नाइजेलच्या डोक्यावर पिवळं हेल्मेट. हरिदासचा ऊर भरून आला.

फोरमन झालेला नट बेल्ट घेऊन नाइजेलच्या मागे धावू लागला. हात जोडले, पाया पडला. नाइजेलला बेल्टाच्या गुदगुल्या होत होत्या. शेवटी त्याने तो दोरीसारखा ताणून त्यावर आपली चड्डी वाळत घातली. लोक हसून हसून बेजार झाले.

हरिदासला हे उलटंच वाटलं. पण मोबाइलवरचा तो मंत्रीसुद्धा आधी खोटंच बोलत होता, अशी त्याने मनाची समजूत घातली. खरं पुढे येईल.

नाइजेल वरून धाडकन खाली पडला. हरिदासने खुर्चीचा हात घट्ट धरला. आता.

नाइजेल वाळूच्या ढिगातून उठला. कपडे झटकले, फोरमनला सलाम ठोकला आणि मुकाट्याने बेल्ट बांधला. पहिल्या रांगेतले साहेब उभे राहून टाळ्या वाजवू लागले.

“ताई, तुमी काय सांगितलं त्यास्नी?”

ताईही टाळ्या वाजवू लागल्या.

नाइजेल पुढे येऊन इंग्रजीत बोलू लागला. ‘ट्रू स्टोरी’ एवढेच दोन शब्द हरिदासला कळले. मग नाइजेलने तोंडभर हसून हाक मारली, “मधु!” दिव्याचा झोत फिरत फिरत तिसऱ्या रांगेवर आला आणि हरिदासच्या तोंडावर थांबला. सगळा हॉल त्याच्याकडे वळून टाळ्या वाजवत होता. पूर्णिमाताईंनी त्याच्या कोपराला हळूच हात लावला.

“उठा, मधु,” त्या म्हणाल्या. “साहेब बघतायत.”