लाल बोटं

थोमाइदाने ईस्टरसाठी लाल रंगवलेल्या अंड्यांची परात चक्क अंगणाच्या भिंतीवर मांडली. भर उन्हात, येणाऱ्याजाणाऱ्याच्या नाकासमोर! तेवीस वर्षं अल्बानियात देवाचं नाव काढायची सोय नव्हती. फेब्रुवारीत राजधानीत ही बंदी घालणाऱ्या पुढाऱ्याचा पुतळा लोकांनी दोर लावून पाडला, आणि आज गावात उघड उघड ईस्टर. बाई नुसती खुशीत होती.

"अगं, सगळ्या जगाला दाखवतेस का?" नवरा पांदेली तिसरं अंडं सोलत म्हणाला.

"दाखवणारच! तुमचं काय जातंय? खा मुकाट्यानं."

तेवढ्यात गल्लीतून लिगोर मास्तर आला. पांदेलीचा हात थांबला. ईस्टरच्या दुसऱ्या दिवशी शाळेत पोरांची बोटं तपासायचा तो हाच. एका वर्षी त्याला यांच्या लेकीच्या नखात लाल रंग सापडला, आणि पांदेलीने शिक्षा म्हणून दोन वर्षं तांब्याच्या खाणीत काढली. आज सकाळपासून मास्तर दारोदार फिरत होता. एकानेही त्याला आत घेतलं नव्हतं.

"ख्रिस्त उठला," मास्तरने भिंतीपलीकडूनच पुटपुटत ईस्टरचा नमस्कार घातला. मग म्हणाला, "वहिनी, तुमच्या पोरीचं नाव मीच कळवलं होतं."

"ते का आम्हाला ठाऊक नाही?" थोमाइदा फणकारली आणि तिने परात स्वतःकडे ओढली.

पांदेलीने हातातलं सोललेलं अंडं खाली ठेवलं. खाणीत तो गेला होता; मग माफ करायचं की नाही, हे ठरवायचंही त्यानेच. त्याने परातीतली दोन अंडी उचलली आणि एक पुढे केलं. "खरंच उठला. घ्या मास्तर, लढवा. ज्याचं फुटेल तो हरला."

अंड्यावर अंडं आपटलं. मास्तरचं फुटलं.

"हरलात!" पांदेली पोरासारखा खूश झाला.

मास्तरने अंडं उभ्याउभ्याच खाल्लं. लाल टरफलाचा कण न् कण वेचून कोटाच्या खिशात घातला. मग बोटांना थुंकी लावून ती कोटाच्या अस्तरावर खसाखसा घासली. थोमाइदा बघतच राहिली. इतक्या वर्षांत तीही अगदी अस्संच करायची.

"अगंबाई! मास्तर, तुमच्या घरी पण?"

"दर वर्षी. बायको अंडी कांद्याच्या सालीत उकळून लाल करायची."

"मग तुमची बोटं कोण तपासायचं हो?"

"मीच," मास्तर म्हणाला. "शाळेत निघायच्या आधी. दोनदा."

पांदेलीला हसता हसता ठसका लागला. थोमाइदाही हसत होती आणि डोळे पुसत होती.

"काढा ती टरफलं खिशातून," ती म्हणाली, "आणि टाका रस्त्यावर. दिसू देत सगळ्यांना."