मशीनवरची चादर

आईनं टीव्हीवरचं कापडी कव्हर काढलं, घडी घालून मांडीवर घेतलं आणि शेजारच्या मावशींना सरकून जागा दिली. मिक्सर, पंखा, इस्त्री, सगळ्यांना तिनं अंगरखे शिवले होते.

"लाव रे," मावशी तिच्या लेकाला म्हणाल्या. "बघू तरी आपली गिरणी काय म्हणतेय."

बंद कारखान्यांत शिरून व्हिडिओ काढायचे, या त्याच्या उद्योगाला आई आजवर टवाळकीच म्हणत आली होती. पण या वेळी तो, ती नि मावशी कामाला होत्या त्या सूतगिरणीत जाऊन आला होता. आज तरी ती याला काम म्हणेल, या आशेवर त्यानं व्हिडिओ लावला. रिमोट मावशींनी आपल्या हातात घेतला.

पडद्यावर तुटकी कौलं, कबुतरं, मशिनींची लांबच लांब ओळ. त्यातल्या एका मशीनवर फुलाफुलांची चादर पांघरलेली.

"मित्रांनो, या पांघरुणाखाली कोण बरं झोपलंय?" पडद्यावरच्या त्यानं आवाज घोगरा केला आणि चादर खस्सकन ओढली. धुळीचा लोट उठला.

मावशी हसल्या, आणि मधेच थांबल्या. "अगं, ही तुझी चादर! ते निळं ठिगळ बघ."

आई पुढं वाकली. ती रागावली असती तर बरं झालं असतं. तिचा चेहरा उजळला होता.

"टिकली की गं! आणि मशीन बघ कशी लख्ख राहिलीय." मग ती त्याच्याकडं वळली. "सुट्टीच्या आधी झाकून यायचो रे आम्ही, धूळ बसू नये म्हणून. गिरणी बंदच होणारेय, हे कुणी सांगितलं होतं? तू परत नीट झाकून आलास ना?"

"हो," तो बोलून गेला. आणि पुढं काय आहे ते त्याला आठवलं.

"मावशी, बंद करा. पुढं काही खास नाही."

"थांब रे, आत्ता कुठं रंगतंय!"

पडद्यावर तो शिंकला. चादर तेलकट फरशीवर टाकली, तिच्यावर एकेक करून दोन्ही बूट पुसले आणि कॅमेऱ्याकडं बघून डोळा मारला. लोकांना हाच तुकडा सगळ्यात जास्त आवडला होता.

मावशी रिमोटची बटणं चाचपत राहिल्या. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"आई, ती तुझी आहे हे मला माहीत नव्हतं गं."

"दुसरीची असती तर?"

एवढंच म्हणून ती उठली. मांडीवरचं कव्हर तिनं उलगडलं, टीव्हीवर चढवलं, कोपरे खाली ओढून नीट केले आणि आत निघून गेली.

मावशींना बंद करायचं बटण अजून सापडलं नव्हतं. कव्हराखालून त्याचं हसणं ऐकू येत राहिलं.