वासाला येणारी

"मागल्या खोलीत कोंबडं शिजवू नगंस, पोरी. ती वासाला येती," असं घरमालकीण तानाबाईंनी खोल्या भाड्याने देतानाच सांगितलं होतं. ती म्हणजे आधीची भाडेकरीण. गेल्या आषाढात त्याच खोलीत रस्सा ढवळता ढवळता गेली. "गाल कसं लाल हुतं. झोपल्यावानी." विजयमालाला तेव्हा हसू आवरलं नव्हतं. तानाबाईंच्या गळ्यात तुळशीची माळ होती. घरात कोंबडी शिजू नये म्हणून माळकरी बाईने रचलेलं भूत, बी. ए. झालेल्या विजयमालाने त्याचा एवढाच अर्थ लावला होता.

आता ती त्याच खोलीत रस्सा ढवळत होती. उद्यापासून श्रावण. बेबी तीन महिन्यांची, आणि अंगावर दूध नव्हतं. डब्याचं दूध पोटात ठरत नव्हतं. पोर दिवसेंदिवस हलकी होत चालली होती. वडगावहून आईने साफ केलेली कोंबडी आणि निरोप, दोन्ही भावाबरोबर धाडलं होतं: पांढरा रस्सा कर, पोटभर पी, दूध उतरेल. नवरा, कृष्णात, कागलला ऑफिसात गेल्यावर तिने शेगडी मागल्या खोलीत नेली, खिडकी लावली, दाराला आतून कडी घातली आणि फटीत पोतं कोंबलं. तानाबाईंना पत्ता लागायला नको होता. बेबीला तिने शेजारीच गोधडीवर ठेवलं. पुढची खोली गळत होती.

शेगडी भुशाची. वखारीतून आणलेला भुसा पत्र्याच्या डब्यात ठासून भरला की सकाळी पेटवलेली संध्याकाळपर्यंत धुमसत राहते. जाळ नाही, काजळी नाही. एकदा नीट धरली की धूरसुद्धा दिसत नाही. कोंबडी तासन्‌तास हाडापासून सुटेपर्यंत शिजली होती. तीळ, खसखस, काजू वाटून घातले होते. वर नारळाचं दूध. ते फाटू नये म्हणून हात थांबवायचा नव्हता.

बेबी भुकेने रडत होती. मग कुरकुरू लागली. मग गप्प झाली.

विजयमालाला बरं वाटलं. पळी फिरत होती. बाहेर पाऊस कौलांवर सारखा आदळत होता, पण तो आवाज लांब लांब जायला लागला. कपाळात ठोके पडत होते. कानात कुणीतरी बारीक आवाजात गुणगुणत होतं. बाईचाच आवाज.

तिने मागे वळून पाहिलं. कोपरा रिकामा होता. पुन्हा रश्शाकडे वळली आणि तिला कळलं की कोपऱ्यात कुणीतरी बसलंय. दिसत नव्हतं. पण बसलं होतं. गुडघे पोटाशी घेऊन, जेवणाची वाट बघत बसावं तसं. विजयमालाच्या छातीवर काहीतरी जड आलं. पाय तिचे नसल्यासारखे झाले.

तिने बेबीकडे पाहिलं. पोर झोपली होती. गाल लाल होते. इतके दिवस पांढरे पडलेले गाल.

"बेबी," तिने हाक मारली. पोरीची पापणी हलली नाही.

शिकलेलं सगळं त्या क्षणी अंगावरून गळून पडलं. तिने वाटीत रस्सा ओतला. आजी करायची ते तिला आठवलं. काही बाधलं की घास उंबऱ्याबाहेर ठेवायचा आणि मागे बघायचं नाही.

"घे," ती कोपऱ्याला म्हणाली. "सगळा घे. पण तिला सोड."

एका हाताने बेबीला छातीशी धरून ती भिंतीच्या आधाराने दारापर्यंत सरकली. पोतं पायाने ढकललं. कडी निघेना. निघाली. दार उघडलं तसा वारा आणि पाऊस दोन्ही तोंडावर आले. वाटी हातातून पडली. विजयमाला उंबऱ्यात कोसळली. बऱ्याच वेळाने बेबीने आचका दिला, ओकली आणि रडली.

त्या रडण्याने तानाबाई धावत आल्या. त्यांनीच डोक्यावर इरलं धरून दोघींना कोपऱ्यावरच्या डॉक्टरांकडे नेलं. विजयमालाने अडखळत सगळं सांगितलं. कोपरा, गुणगुणणं, छातीवरचं ओझं. डॉक्टर बेबीची नाडी बघत होते. त्यांनी एवढंच विचारलं, "शेगडी पेटलेली असताना दार लावलं होतंत?"

"हो."

"बाई कुणी नव्हती. भुशाचा वायू होता. त्याला वास नसतो, धूर नसतो. आधी भास होतात, मग झोप लागते, गाल लाल होतात. आणखी थोडा वेळ गेला असता तर दोघीही उठल्या नसत्या." मग त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "पण एवढ्या शेगडीला दार लावायचं कारण काय?"

तानाबाईंच्या माळेकडे विजयमालाने बघायचं टाळलं. पण तानाबाईंचाच हात माळेवर गेला होता. त्या बाकावर बसल्या.

"आधीच्या त्या पोरीला मीच म्हणालेली," त्या म्हणाल्या. "आमच्यात माळ हाय, वास सोसत न्हाय, तवा दार लावून शिजव म्हणून. लई गुणाची हुती. लगीच लावलं."

ही गोष्ट इथे थांबवते, कारण तुम्हाला उठायचं आहे. पाऊस लागलाय. तुमच्या भिंतीपलीकडे कुणीतरी तुमची भीड धरून दार घट्ट लावून शिजवत असेल, आणि तिचं पोर मघापासून रडायचं थांबलं असेल. जाऊन एकदा कडी वाजवा.