छागल

"पाणी दे गं, आये."

सांडूनं मागितलं आणि साळूबाईनं भानुमतीकडं पाहिलं. भानुमतीनं मान हलवून नाही म्हटलं. टँकर औरंगाबादच्या रस्त्यानं धावत होता. केबिनच्या मागच्या पत्र्यापलीकडं अर्धी टाकी पाणी होतं आणि खड्डा आला की ते खळाळायचं. तहानलेल्या माणसाच्या कानाशी पाणी असं वाजू नये.

सकाळी अजिंठ्याजवळच्या दुष्काळी कामावर सत्कार होता. कुळकर्ण्यांची लेक बांगलादेशच्या लढाईत नर्स होती, पदकं घेऊन सुटीवर आली होती, मग पुढाऱ्यांना राहवतंय होय? लेफ्टनंट भानुमतीबाईंना पांढऱ्या गणवेशात, छातीवर दोन पदकं लावून खुर्चीत बसवलं. भाषणं झाली. घशाला कोरड पडलेल्यांनी टाळ्या वाजवल्या. नारळ फुटायच्या आत वरचा दगड घरंगळला आणि खाली खडी भरणाऱ्या सांडूच्या पोटावर आला.

रक्ताचा थेंब दिसत नव्हता. भानुमतीनं पोटावर हात ठेवला तर ते फळीसारखं कडक लागलं. "याला पाणी पाजू नका," ती पहिल्यांदा म्हणाली, आणि मग टँकरवाल्या मोतीरामला, "गाडी काढ." टँकर नुकताच आला होता. अर्ध्या बायकांचे हंडे रिकामेच होते, तरी त्या मुकाट्यानं बाजूला सरल्या. त्या रिकाम्या हंड्यांकडं बघताना भानुमतीला अपराध्यासारखं वाटलं.

"आये, पाणी."

"ताई, एक घोट," साळूबाई म्हणाली. लेकाचं डोकं तिच्या मांडीवर होतं, पाय भानुमतीच्या. "लई तळमळतोय ओ."

"नाही, मावशी. आतडं फाटलं असणार. पाणी गेलं तर विष होईल त्याचं. डॉक्टर पोट उघडून शिवतील, मग पाणी. तोवर थेंब नाही."

"मरत्या माणसाच्या तोंडात बी पाणी घालत्यात. ह्यो तर जिता हाय."

मोतीराम समोर बघत गाडी हाकत होता. त्याच्या खिडकीबाहेर कॅनव्हासची छागल लोंबत होती, पाण्यानं तट्ट फुगलेली.

सिल्लोड मागं पडलं. गचक्यागणिक भानुमतीच्या छातीवरची पदकं एकमेकांवर आपटून किणकिणत होती. साळूबाई बराच वेळ त्यांच्याकडं बघत राहिली.

"हे कशापायी दिलं तुमाला सरकारनं?"

भानुमतीला लढाईतला तंबू आठवला. तंबूत ओळीनं निजवलेले जवान, पोटाला पट्ट्या, आणि सगळ्यांचं मागणं एकच.

"पाणी मागणाऱ्यांना पाणी दिलं नाही, म्हणून," ती म्हणाली.

साळूबाईनं सांडूचं डोकं जरा आपल्याकडं ओढून घेतलं.

"वाचले का समदे?"

"पुष्कळ वाचले."

"आन् जे नाय वाचले?"

ते तहानलेलेच गेले होते. एकानं तर शेवटी तिच्या बाहीचं टोक तोंडात धरून चोखलं होतं. हे तिनं आजवर कुणाला सांगितलं नव्हतं, आताही सांगितलं नाही. पण तिचं मन कच्चं झालं. तंबूत ओठांवरून ओला बोळा फिरवायचा तर ती स्वतः फिरवायची, दुसऱ्याच्या हाती कधी द्यायची नाही. आज मात्र तिला वाटलं, आई बसलीय शेजारी, एवढं तरी आईनंच करावं.

"मोतीराम, छागल दे इकडं. मावशी, पदराचं टोक भिजवा आणि नुसते ओठ ओले करा. थेंबसुद्धा आत जाता कामा नये. कळलं ना?"

"व्हय, ताई."

साळूबाई लेकावर ओणवी झाली. आईच्या हातावर पहारा करत बसणं भानुमतीला बरं दिसेना, म्हणून ती खिडकीबाहेर बघू लागली. काळी रानं भेगाळून पडली होती. फुलंब्री गेली, चौक्याचा घाट लागला. सांडूचं मागणं हळूहळू कमी झालं, मग थांबलंच. टिकेल पोरगा, भानुमतीनं मनात म्हटलं, आणि सकाळपासून पहिल्यांदा तिचे खांदे सैल झाले.

हर्सूलचा तलाव पार आटला होता. त्याच्या पलीकडं शहर सुरू होत होतं. विटांचे ढीग, नव्या वसाहतींचे पाये, कोरडे ठणठणीत नवे जलकुंभ. दुष्काळ पडो नाहीतर काही होवो, शहराचं वाढणं काही थांबलेलं नव्हतं.

"आलंच, मावशी," म्हणत ती वळली.

छागल साळूबाईच्या पायाशी चपटी होऊन पडली होती. पदर पिळून पिळून चुरगळला होता. सांडूच्या हनुवटीवरून गळ्यापर्यंत ओघळ आले होते. डोळे मिटलेले होते आणि चेहरा शांत होता.

"किती पाजलंत?" भानुमतीचा आवाज तिचा तिलाच ओळखू आला नाही.

"त्याचं मन भरंस्तवर." साळूबाईच्या बोलण्यात राग नव्हता. लहान पोरीची समजूत घालावी तशी ती म्हणाली, "तुमी चांगल्या घरच्या, ताई. किती तहानलेल्यांचं पाप डोक्यावर घ्याल? ह्ये एक म्या टाळलं."

मागं टाकी खळाळत होती, पदकं किणकिणत होती. भानुमतीनं एका हातानं दोन्ही पदकं मुठीत गच्च धरली, आवाज बंद व्हावा म्हणून, आणि दुसऱ्या हाताची बोटं सांडूच्या मनगटावर ठेवली.