नातवाच्या नावानं बार

फोन वाजला तेव्हा दान्काचे हात मनगटापर्यंत पिठात होते. तिनं करंगळीनं कसाबसा स्पीकर चालू केला, आणि तिथंच सगळा घोटाळा झाला.

"दान्का, सिने, पोटातल्या बाळासाठी रक्त तपासलं होतं ना, त्याचा निकाल आला बघ. सगळं छान आहे," दवाखान्यातली नर्स म्हणाली.

बाई गोड बोलायची, तिचा काही दोष नाही. आमच्या मॉन्टेनेग्रोत लाडात आलं की पोरींनाही 'सिने' म्हणतात, म्हणजे 'मुला'. बाप लेकीला म्हणतो, सासू सुनेला म्हणते. मुलीचे मुलगी म्हणून लाड करावेत असा शब्द आम्हाला कधी सुचलाच नाही.

शेगडीजवळ सासरा बसला होता, वुकाशिन. एका कानानं ठार बहिरा, दुसऱ्यानं सोयीपुरतं ऐकणारा. त्यानं ऐकलं ते एवढंच: मुला, आणि छान.

"मुलगा," तो म्हणाला आणि उठला. गुडघ्यांच्या नावानं रोज रडणारा म्हातारा, भिंतीवरची बंदूक काढून अंगणात पोचलासुद्धा.

"बाबा, थांबा जरा. त्या बोलतायत अजून."

नर्स बोलतच होती. "मुलगी आहे हं, सिने. अगदी ठणठणीत..." पुढचं बाहेरच्या बारात बुडालं. खिडकीच्या काचा थरथरल्या, कुत्रं खाटेखाली शिरलं. दान्कानं पिठाच्या हातानंच फोन बंद केला.

वास्तविक बार उडवायचा तो मुलगा जन्मल्यावर. पोटातल्या पोरासाठी बंदूक काढलेली आमच्या गावानं कधी पाहिली नव्हती. पण वुकाशिनला दम कुठला? रांकोला, म्हणजे दान्काच्या नवऱ्याला मुलं किती, असं कुणी विचारलं की म्हातारा म्हणायचा, "मुलं नाहीत अजून. तीन मुली आहेत." त्या तिघी आता फाटकापाशी कानांवर हात ठेवून खिदळत होत्या. त्यांच्या वेळी बंदूक भिंतीवरून हललीच नव्हती, त्यामुळे त्यांना सगळी मजाच वाटत होती.

शेजारचा नोवित्सा रकियाची, म्हणजे घरी गाळलेल्या दारूची, बाटली घेऊनच धावत आला. "काय रे, अस्वल शिरलं की काय?"

"नातू आलाय."

"कुठाय?"

"पोटात आहे. पण आहे."

हसण्याचा गलका झाला. आणखी माणसं फाटकातून आत येऊ लागली.

मुलगी म्हटल्यावर काय होतं हे दान्काला कुणी सांगायला नको होतं. तिसरीनंतर दोनदा झालं होतं तसं. दोन्ही वेळा सासू तिला बसनं शहरात घेऊन गेली होती, दवाखान्याच्या दारापर्यंत दंड धरून. येताना दान्का पोटाशी गरम पाण्याची पिशवी धरून बसली होती आणि सासू शेजारी बसून बटाट्याच्या भावाबद्दल बोलत होती.

तीच सासू आता टेबलाच्या पलीकडे चीज कापत उभी होती. स्टाना तिचं नाव. स्टाना म्हणजे 'थांब'. मुलीमागून मुली झाल्या की शेवटचीला ठेवायचं नाव, तुमच्याकडची नकुशीच म्हणा ना.

स्टानाची सुरी थांबली होती. तिनंही ऐकलं होतं, यात शंकाच नव्हती.

"मी सांगून येते त्यांना," दान्का म्हणाली. "उगाच गाव गोळा होईल."

"काय सांगणार?"

"आई, तुम्ही ऐकलंत ना?"

"मी काही नाही ऐकलं. मध्येच बार झाला." स्टानानं सुरी पुसली आणि दार आतून लोटून घेतलं. "मुलगी निघाली तर असावा म्हणून गुरुवारी तुझा नंबर लावून ठेवलाय ना मी शहरात? उद्या फोन करून नको म्हणून सांगते. नातू असताना दवाखान्यात कशाला जायचं?"

'गुरुवारी सकाळचीच बस धरू' हे वाक्य ऐकायला दान्का मनानं तयार झाली होती. त्यासाठी दात आवळले होते तिनं. आता ती पिठाच्या पोत्यावर मटकन बसली.

"आई, हे तुम्ही म्हणताय?"

"दोनदा नेलं मी तुला. तेव्हापासून घास गिळवत नाही मला." स्टाना खिडकीतून नवऱ्याकडे बघत होती. "तिसऱ्यांदा मला नाही जमायचं. आणि मी नाही म्हटलं तर तो दुसऱ्या कुणाबरोबर पाठवील. त्यापेक्षा उडवू दे त्याला."

"रांकोला तरी..."

"रांको बापाचाच मुलगा. त्यालाही मुलगाच आहे म्हणून सांगायचं. पोट दिसायला लागलं की खुशाल मिरव, आंबट खावंसं वाटतंय म्हण. बायका म्हणतात, मुलगा असला की तसं वाटतं."

बाहेर दुसरा बार झाला. पोरी टाळ्या पिटू लागल्या. कुणीतरी नातवाला काय नाव ठेवणार म्हणून ओरडून विचारलं आणि वुकाशिननं आपल्या बापाचं नाव सांगितलं.

स्टानानं पिठाचं भांडं दान्कापुढून ओढून घेतलं, कढईखालचा जाळ वाढवला आणि चमच्यानं गोळे तेलात सोडायला लागली. एवढी माणसं आली होती, खायला तर घालायलाच हवं होतं.

"पण जन्मल्यावर कळेलच की त्यांना," दान्का म्हणाली.

"कळू दे," स्टाना म्हणाली. "तोवर ती जन्मलेली असेल."